पुसलेली टोपी: ‘नाइट अँड फॉग’ समजून घेताना

१९५५ संपता संपता फ्रान्सच्या सेन्सॉर मंडळापुढे ३२ मिनिटांचा एक माहितीपट आला. विषय होता नाझींच्या छळछावण्या. त्यात प्रेतांचे ढीग होते, हाडं होती, बायकांच्या कापलेल्या केसांच्या राशी होत्या. मृतदेहांच्या दृश्यांवर मंडळाने नाक मुरडलंच, पण खरं घोडं अडलं ते एका स्थिर छायाचित्रापाशी. त्यात रक्त नाही की प्रेत नाही. उंचावर एक पहारेकरी उभा आहे आणि त्याच्या पलीकडे खाली छावणीतल्या बराकी दिसतात, इतकंच. अडचण त्या पहारेकऱ्याच्या टोपीची होती. गोल, वरून सपाट, पुढे झाप असलेली ती ‘केपी’, म्हणजे फ्रेंच जांदार्मची, फ्रेंच पोलिसाची टोपी. छावणी फ्रान्सच्या भूमीवरची होती आणि राखण करणारा फ्रेंच होता.

छायाचित्र काढून टाका, असं मंडळाचं म्हणणं. दिग्दर्शक तयार होईना. शेवटी तडजोड निघाली ती अशी: छायाचित्र राहील, टोपी जाईल. त्या जागी रंग लावून एखादी आडवी तुळई मध्ये आल्यासारखं भासवलं गेलं आणि परवाना मिळाला.

गंमत म्हणजे निवेदनाला कुणी हात लावला नाही. तिथे निवेदक सपाट आवाजात यादी वाचत जातो. त्यात फ्रान्समधल्या पितिव्हिए छावणीतले कैदी येतात आणि पॅरिसमध्ये १९४२ साली झालेल्या वेल दीव्हच्या धरपकडीत सापडलेले लोकही येतात. पितिव्हिएला पहारा फ्रेंच पोलिसांचा होता आणि वेल दीव्हची धरपकडही त्यांनीच केली होती. कानांना जे चाललं ते डोळ्यांना चाललं नाही.

हा माहितीपट म्हणजे आलँ रेने याचा ‘न्वी ए ब्रुयार’. जगभर तो ‘नाइट अँड फॉग’ या इंग्रजी नावाने ओळखला जातो. फॅसिझमवर युद्धानंतर झालेल्या लघुपटांत त्याचं नाव अगदी वर असतं, आणि बहुतेक वेळा त्याची ओळख ‘नाझी क्रौर्याचा पुरावा’ अशी करून दिली जाते. मला ती ओळख तोकडी वाटते. क्रौर्याचे पुरावे ढिगाने आहेत. हा चित्रपट दाखवतो ते क्रौर्य चालवणारं रोजचं कामकाज. शिवाय तो तयार झाल्यावर वेगवेगळ्या देशांच्या सरकारांनी त्याचं जे केलं, त्यातून राष्ट्राभिमान स्वतःचा चेहरा कसा सांभाळतो हेही कळतं. त्यासाठी थोडी पार्श्वभूमी हवी.

शत्रू आधी घरातला

हिटलर ३० जानेवारी १९३३ रोजी जर्मनीचा चॅन्सेलर झाला. म्युनिकजवळची डाखाऊची छावणी २२ मार्चला सुरू झाली. मध्ये पुरते दोन महिनेही गेले नव्हते. तिथे पहिल्यांदा कोणाला कोंडलं? जर्मनांनाच. कम्युनिस्टांना, समाजवाद्यांना, कामगारांच्या पुढाऱ्यांना. आपल्याकडे नाझी म्हटलं की एकदम ज्यूंचं हत्याकांड आठवतं, त्यामुळे ही पहिली पायरी नजरेतून सुटते.

अतिरेकी राष्ट्रवादाचा हिशेब असा चालतो. राष्ट्र म्हणजे एक देह, एक रक्त आणि नेता त्याचं डोकं. एकदा हे मान्य केलं की वेगळं बोलणारा माणूस विरोधक राहत नाही, तो देहाला जडलेला रोग ठरतो. रोगाशी चर्चा करत नाहीत. आधी मत वेगळं असलेले बाजूला काढले. मग १९३५ च्या न्युरेंबर्ग कायद्यांनी ‘रक्त’ वेगळं ठरवलेल्या ज्यूंचं नागरिकत्व गेलं. प्रत्येक पायरीला कायदा होता, शिक्का होता, फाइल होती.

फ्रान्स जून १९४० मध्ये जर्मनीपुढे हरला. म्हातारा मार्शल पेताँ सत्तेवर आला आणि विशी या गावातून कारभार सुरू झाला. ‘स्वातंत्र्य, समता, बंधुता’ हे ब्रीद जाऊन ‘श्रम, कुटुंब, पितृभूमी’ आलं. ३ ऑक्टोबर १९४० रोजी विशी सरकारने ज्यूंना सरकारी नोकऱ्या आणि अनेक व्यवसायांतून दूर करणारा कायदा केला, तोही जर्मनांचा हुकूम नसताना, आपणहून. दुसऱ्याच दिवशी परदेशी ज्यूंना छावण्यांत ठेवण्याचा अधिकार अधिकाऱ्यांना मिळाला. लुआरे भागातल्या पितिव्हिए आणि बोन-ला-रोलांद इथल्या छावण्यांत १९४१ च्या मे महिन्यापासून ज्यू आणून ठेवले जाऊ लागले.

१६ आणि १७ जुलै १९४२ या दोन दिवसांत पॅरिस आणि आसपास फ्रेंच पोलिसांनी सुमारे १३ हजार ज्यू पकडले. त्यांत ४ हजारांहून अधिक मुलं होती. कुटुंबवाल्यांना वेल दीव्ह या सायकल शर्यतींच्या बंदिस्त मैदानात कोंडलं आणि तिथून लुआरेच्या छावण्यांत नेलं. तिथे आयांना मुलांपासून तोडून आधी पोलंडमधल्या आउश्वित्झच्या छावणीत रवाना केलं गेलं, मुलांची पाळी नंतर आली. युद्धकाळात फ्रान्समधून सुमारे ७६ हजार ज्यू पूर्वेकडे पाठवले गेले. त्यांतले अडीच हजारांच्या आसपास परतले.

पुसलेल्या टोपीखाली हे सगळं होतं.

युद्ध संपल्यावर फ्रान्सने स्वतःला सांगितलेली कथा मात्र निराळी होती. देश मनाने कायम प्रतिकारात उभा होता, विशी म्हणजे मूठभर फितूर, खरा फ्रान्स लंडनहून लढणाऱ्या जनरल द गॉलसोबत होता. मोडलेला देश पुन्हा उभा करताना अशी कथा हाताशी लागते हे समजण्यासारखं आहे. पण तिला जपायचं तर टोप्या पुसाव्या लागतात.

छावणीतून परतलेला कवी

चित्रपटाची कल्पना इतिहासकारांची. दुसऱ्या महायुद्धाच्या इतिहासाची एक सरकारी समिती फ्रान्समध्ये काम करत होती. तिचे सचिव ऑन्री मिशेल आणि त्यांच्यासोबत ओल्गा वर्म्सर यांनी छावण्यांतून सुटका झाल्याच्या दहाव्या वर्षानिमित्त पॅरिसमध्ये एक प्रदर्शन मांडलं होतं. त्यातून माहितीपट करायचं ठरलं. निर्माता आनातोल दोमाँ मूळचा वॉर्सोचा. त्याने रेनेला गाठलं. रेने तेव्हा तिशीतला, चित्रकारांवर आणि कलेवर लघुपट करणारा. त्याने आधी नकार दिला. आपण छावणी भोगलेली नाही, मग बोलणार कोणत्या तोंडाने, हा त्याचा प्रश्न होता. अट घातली ती ही की निवेदन छावणीतून परतलेल्या माणसाने लिहिलं पाहिजे.

तो माणूस मिळाला, झाँ केरॉल. बोर्दोचा कवी. प्रतिकार चळवळीत असताना १९४२ मध्ये पकडला गेला, पुढे माउटहाउझन-गुझेनच्या छावणीत गेला. त्याचा भाऊ छावणीतच मेला. चित्रपटाचं नाव केरॉलच्या १९४६ च्या कवितासंग्रहातून आलं, आणि त्या संग्रहाचं नाव एका नाझी हुकमातून. ७ डिसेंबर १९४१ चा तो हुकूम ‘नाख्ट उंड नेबेल’, रात्र आणि धुकं, या नावाने ओळखला जातो. पश्चिम युरोपातल्या व्याप्त देशांत प्रतिकार करणाऱ्यांना गुपचूप जर्मनीत न्यायचं आणि घरच्यांना काहीही कळू द्यायचं नाही: जिवंत आहे की मेला, कुठे आहे, पत्र येईल का. मृत्यूची बातमी आली तर माणूस रडून मोकळा होतो. बातमीच नसली की सगळं घर वर्षानुवर्षं दाराकडे बघत राहतं, आणि शेजारपाजारचे आपोआप गप्प होतात. दहशतीचं हे गणित हुकूम काढणाऱ्यांना नीट ठाऊक होतं. केरॉल स्वतः याच वर्गातला कैदी.

लिहायला बसल्यावर मात्र केरॉलला ती दृश्यं सहन होईनात. संकलनाच्या टेबलावर ती पाहून तो आजारी पडला. दूर बसून लिहिलेला मजकूर दृश्यांशी जुळेना. तेव्हा रेनेचा मित्र ख्रिस मार्कर मदतीला आला. त्याने दृश्यांच्या मापाने मजकूर बसवून दिला आणि त्यावरून केरॉलने पुन्हा आपल्या शब्दांत लिहिलं. वाचलं ते मिशेल बुके या नटाने, जवळजवळ भाव न दाखवता. संगीत हान्स आइस्लरचं. हा जर्मन नाटककार ब्रेख्टचा सहकारी. आधी नाझींमुळे देशोधडीला लागला, मग अमेरिकेनेही १९४८ मध्ये कम्युनिस्ट म्हणून घालवून दिला आणि शेवटी पूर्व जर्मनीत जाऊन त्याने त्या देशाच्या राष्ट्रगीताला चाल लावली. पडद्यावर जितकं भीषण तितकं त्याचं संगीत हलकं होत जातं. तारा नुसत्या बोटांनी छेडल्यासारखे सूर येतात. रडवणारं संगीत असतं तर प्रेक्षक रडून सुटला असता. आइस्लर ती सवलत देत नाही.

गवत आणि निविदा

१९५५ च्या शरद ऋतूत रेने पोलंडला गेला. आउश्वित्झ-बिर्केनाउ आणि मायदानेक इथे त्याने रंगीत चित्रण केलं. सुरुवातीलाच एक शांत शेत दिसतं, वर आभाळ. कॅमेरा जरा सरकतो आणि काटेरी तारेचं कुंपण चौकटीत येतं. कुठेही धक्का नाही. कुंपण आधीपासून तिथेच होतं, आपली नजर तेवढी पोचली नव्हती.

पुढे चित्रपट दोन काळांत ये-जा करतो. रंगीत म्हणजे १९५५ मधलं गवत, विटा, रुळांत उगवलेलं तण, आणि एकसारखा हळू पुढे सरकणारा कॅमेरा. कृष्णधवल म्हणजे जुनी छायाचित्रं आणि फिल्म. एरवी आपण भूतकाळाला जरा धूसर सोनेरी छटा देतो. इथे वर्तमान सुंदर आहे आणि त्याचीच भीती वाटते, कारण एवढ्या हिरवळीवरून काहीच ओळखू येत नाही.

जुन्या चित्रणात न्युरेंबर्गच्या १९३४ च्या मेळाव्याचे तुकडेही आहेत. नाझींनी स्वतःच्या गौरवासाठी खास काढवून घेतलेली ही फिल्म. शिस्तीतल्या रांगा, झेंडे, ढोल. रेने त्याच प्रतिमा उचलतो आणि त्यांच्या शेजारी छावणीच्या बांधकामाची दृश्यं ठेवतो. एवढ्या एका शेजाराने मेळाव्याचा झगमगाट उतरतो.

आता माझ्या मते चित्रपटातला सर्वांत धारदार भाग. छावणी कशी उभी राहते हे निवेदक सांगतो ते एखादं हॉटेल किंवा क्रीडांगण बांधायचं असावं तसं. कंत्राटदार आले, अंदाजपत्रकं आली, निविदा निघाल्या, कुठे लाचही दिली गेली असेल. पहाऱ्याचे मनोरे कोणत्या शैलीत बांधायचे हे वास्तुरचनाकाराच्या मर्जीवर: हा आल्प्सच्या घरांच्या धर्तीवर, तो जपानी ढंगाचा, अमका अगदीच बिनशैलीचा. ऐकताना क्षणभर हसू फुटतं आणि तिथेच आपण सापडतो. कारण हे काम करणारा नकाशावाला, मुकादम, टाइपिस्ट आपल्या ओळखीचा आहे. त्याने कुणाचाही गळा दाबला नाही. त्याने मनोऱ्याची उंची काढली.

निवेदन इतक्यावर थांबत नाही. याच वेळी अ‍ॅम्स्टरडॅममध्ये, क्राकोमध्ये, बोर्दोमध्ये माणसं आपापली साधी आयुष्यं जगत आहेत आणि त्यांना कल्पना नाही की हजार किलोमीटरवर त्यांच्यासाठी जागा राखून ठेवली आहे. बांधकाम आधी पूर्ण होतं. माणसं नंतर भरायची.

छावणी सुरू झाल्यावर तिचं एक गावच होतं. सूपाचा हिशेब इतका बारीक की एक चमचा कमी म्हणजे आयुष्यातला एक दिवस कमी. बुखेनवाल्डमध्ये एक ओकचं झाड होतं. कवी गटे ज्या टेकडीवर फिरायला येत, तिथलं. छावणीसाठी जंगल तोडलं, पण ते झाड सन्मानाने राखलं गेलं. संस्कृतीचा अभिमान आणि माणसांची कत्तल एकाच कुंपणात गुण्यागोविंदाने नांदू शकतात, हे त्या एका झाडाइतकं कुठल्या पुस्तकाने मला पटवलं नाही. छावण्यांच्या शेजारी मोठमोठ्या कारखान्यांनीही जागा घेतली. फुकट मजूर, मेले तर दुसरे. नावं घेतली जातात: क्रुप, सीमेन्स, इगे फार्बेन. आणि केसांच्या त्या राशी. त्यांपासून कापड विणलं गेलं, आणि किलोमागे १५ फेनिग (जर्मन पैसे) हा भावही निवेदक सांगून टाकतो.

शेवटाकडे युद्ध संपतं आणि खटल्यांची दृश्यं येतात. कैद्यांवर नेमलेला कैदी मुकादम म्हणतो, मी जबाबदार नाही. अधिकारी म्हणतो, मी जबाबदार नाही. निवेदक विचारतो, मग जबाबदार कोण? प्रश्न तसाच सोडलेला आहे, आणि उत्तर देणं फारसं अवघडही नाही. व्यवस्था अशी रचलेली होती की प्रत्येकाकडे कामाचा फक्त एक तुकडा असावा आणि त्या तुकड्यापुरता प्रत्येकाचा हात स्वच्छ राहावा.

कान महोत्सवात कोणाच्या भावना दुखावल्या

१९५६ च्या कान या फ्रान्समधल्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवासाठी फ्रान्सकडून हा लघुपट निवडला गेला होता. पश्चिम जर्मनीच्या दूतावासाला कळताच त्यांनी फ्रेंच परराष्ट्र खात्याकडे धाव घेतली आणि फ्रेंच सरकारने निमूटपणे चित्रपट अधिकृत यादीतून काढून घेतला. दुसऱ्या राष्ट्राच्या भावना दुखावणारा चित्रपट वगळण्याची सोय महोत्सवाच्या नियमांत होतीच. भावना दुखावणं हे कारण किती जुनं आणि किती आंतरराष्ट्रीय आहे, एवढं जाता जाता नोंदवून ठेवतो.

तसं पाहिलं तर चित्रपटात युद्धानंतरच्या जर्मनीविरुद्ध चकार शब्द नाही. फ्रान्स आणि पश्चिम जर्मनी तेव्हा कोळसा, पोलाद आणि संरक्षणाच्या प्रश्नांवर जवळ येत होते. पश्चिम जर्मनी आदल्याच वर्षी नाटोत दाखल झाला होता. नव्या मित्राला जुनी आठवण नको असते. फ्रान्सलाही ती फारशी नको होती, टोपीवरून ते दिसलंच होतं.

त्यावर गदारोळ झाला. केरॉलने वृत्तपत्रात तिखट लिहिलं. छावण्यांतून परतलेल्यांच्या संघटनांनी बजावलं की चित्रपट दाखवला नाही तर आम्ही छावणीतले पट्ट्यापट्ट्यांचे कपडे घालून सभागृहात येऊन बसू. जर्मनीतूनही आपल्याच सरकारविरुद्ध आवाज उठला आणि तिथल्या संसदेत प्रश्न विचारला गेला. एप्रिलअखेर स्पर्धेबाहेर का होईना, चित्रपट कानमध्ये दाखवला गेला. त्याच वर्षी त्याला फ्रान्सचा झाँ व्हिगो पुरस्कार मिळाला.

पश्चिम जर्मनीतला पुढचा भाग अधिक चांगला आहे. जर्मन आवृत्तीसाठी निवेदनाचा अनुवाद केला पाउल सेलान या ज्यू कवीने. त्याचे आईवडील नाझी काळात छावणीत मेले होते आणि तो लिहीत होता ती भाषा मारेकऱ्यांची आणि आईचीही. हीच आवृत्ती पुढे सरकारी मदतीने जर्मन शाळांत आणि नागरी शिक्षणाच्या कार्यक्रमांत फिरली. कानमध्ये जे सरकार लाजलं त्याच सरकारने घरी मुलांना दाखवलं. राष्ट्र ही एकजिनसी वस्तू नसते. दूतावास एक बोलतो, शाळामास्तर दुसरं शिकवतो, आणि बऱ्याचदा आशा त्या फटीतच असते.

जे चित्रपटात नाही

आजचा प्रेक्षक हा चित्रपट पाहून उठला की एक गोष्ट खटकते. ‘ज्यू’ हा शब्द निवेदनात एकदाच येतो, तोही अ‍ॅम्स्टरडॅमच्या एका ज्यू विद्यार्थ्याचं नाव घेताना. पडद्यावर छातीवरचे पिवळे तारे दिसतात, पण या माणसांना ज्यू म्हणून वेगळं काढून मारलं गेलं हे कुणी सांगत नाही. मेलेल्यांचा आकडा ९० लाख सांगितला जातो आणि त्यात सगळे एकत्र मिसळलेले असतात.

हा कुणाचा कट नव्हता, पण अपघातही नव्हता. १९५५ च्या फ्रान्समध्ये छावणीतून परतलेला माणूस म्हणजे प्रतिकार चळवळीतला सैनिक, हे समीकरण पक्कं होतं. राजकीय कैदी बऱ्याच संख्येने परत आले होते, त्यांच्या संघटना होत्या, आवाज होता. ज्यू जवळजवळ परतलेच नव्हते. केरॉलने जी छावणी भोगली तीच त्याने लिहिली. जो चित्रपट फ्रान्सच्या सोयीच्या कथेला टोपी दाखवून टाचणी लावतो, तोच दुसऱ्या बाजूने त्या कथेच्या आतून बोलतो. मला यात लबाडी दिसत नाही. राष्ट्राची कथा किती खोल मुरते याचं हे प्रामाणिक उदाहरण आहे.

इथे एक फरक लक्षात ठेवला तर चित्रपट अधिक नीट कळतो. नाझींची ठिकाणं एकाच प्रकारची नव्हती. डाखाऊ, बुखेनवाल्ड, माउटहाउझन या छळछावण्या. तिथे माणसाला राबवून, उपाशी ठेवून, मारहाण करून संपवलं जाई, काही वाचत. ट्रेब्लिंका, सोबिबोर, बेल्झेक ही मृत्युकेंद्रं. तिथे आगगाडीतून उतरलेल्या बहुतेकांना काही तासांत विषारी वायूने मारलं जाई. आउश्वित्झमध्ये दोन्ही होतं आणि एकट्या तिथे सुमारे ११ लाख माणसं मेली, त्यांतले जवळपास १० लाख ज्यू. मृत्युकेंद्रं नाझींनी युद्ध चालू असतानाच मोडून, नांगरून, झाडं लावून टाकली. त्यामुळे तिथलं चित्रण जवळपास नाही. चित्रपटात बुलडोझर प्रेतं खड्ड्यात ढकलतो ते थरकाप उडवणारं दृश्य एप्रिल १९४५ मध्ये ब्रिटिश सैन्याने बेर्गन-बेल्सन इथे टिपलेलं आहे. ती माणसं भुकेने आणि टायफसने मेलेली. म्हणजे सर्वांत मोठा गुन्हा जिथे घडला तिथली दृश्यं नाहीत आणि जी दृश्यं आहेत ती दुसऱ्या ठिकाणची, पण मनात सगळं एकात एक मिसळून जातं. आणखी एक: मृतदेहांपासून साबण बनवल्याचा सूचक उल्लेख चित्रपटात आहे. युद्धानंतर ती समजूत सर्वदूर होती. असं उत्पादन कारखान्याच्या प्रमाणावर झालं हे इतिहासकार मानत नाहीत.

आपल्याकडच्या वाचकाला अ‍ॅन फ्रँकची डायरी माहीत असते. अ‍ॅनला हॉलंडमधल्या वेस्टरबोर्क छावणीतून सप्टेंबर १९४४ मध्ये आउश्वित्झला नेलं आणि ती मेली बेर्गन-बेल्सनला, टायफसच्या साथीत. तिन्ही ठिकाणांचं चित्रण या चित्रपटात आहे. वेस्टरबोर्कचं चित्रण तर मुद्दाम पाहण्यासारखं. छावणीच्या नाझी प्रमुखाने मे १९४४ मध्ये ते करवून घेतलं, कॅमेरा होता रुडॉल्फ ब्रेस्लाउअर या ज्यू कैद्याच्या हातात. माणसं स्वतःच्या पायाने डब्यात चढताहेत, सामान आत देताहेत, एकमेकांना हात देताहेत. कुणी आरडाओरडा करत नाही.

त्याच रिळात डब्याच्या दारातून बाहेर बघणारी डोक्याला फडकं बांधलेली एक मुलगी आहे. अनेक दशकं ती ज्यूंच्या संहाराचा चेहरा म्हणून जगभर छापली गेली. १९९४ मध्ये एका डच पत्रकाराने शोध लावला की ती ज्यू नव्हती. ती सेटेला स्टाइनबाख, सिंटी, म्हणजे ज्यांना युरोपात ‘जिप्सी’ म्हणून हिणवतात त्या समाजातली. वय नऊ. तिच्या आईसह घरातले बहुतेक सगळे आउश्वित्झला मेले. ज्यांच्या मृत्यूची आठवण ठेवणारं राष्ट्रच नव्हतं, अशा लोकांचा चेहरा सर्वांना पाठ होता आणि नाव कुणाला नव्हतं.

आणि अल्जीरिया

रेनेने पुढे सांगितलं की हा चित्रपट करताना डोळ्यांपुढे अल्जीरिया होता. तारखा पाहा. फ्रान्सच्या ताब्यातल्या अल्जीरियात स्वातंत्र्ययुद्ध १ नोव्हेंबर १९५४ रोजी पेटलं. चित्रीकरण १९५५ चं. मार्च १९५६ मध्ये फ्रेंच संसदेने सरकारला अल्जीरियात विशेषाधिकार दिले. लष्कराकडून छळ, गावंच्या गावं उठवून कुंपणात वसवणं, लोक परस्पर नाहीसे होणं: छावण्यांतून सुटल्याला दहा वर्षं झालेल्या देशात हे सुरू होतं आणि अनेक सभ्य लोकांना त्यात राष्ट्रहित दिसत होतं.

चित्रपटात अल्जीरियाचं नाव नाही. सेन्सॉरने ते ठेवलंही नसतं. पण शेवटचं निवेदन त्या दिशेला बोट दाखवतं. पडक्या शवदाहिन्यांवरून कॅमेरा फिरतो आणि निवेदक आपल्यालाच धरतो: आपण भग्नावशेषांकडे बघून असं मानतो की तो राक्षस त्यांच्याखाली गाडला गेला, हे एका देशात, एका काळात घडलं, आणि आपल्या आजूबाजूला बघत नाही. रेनेने १९६० मध्ये अल्जीरियातल्या युद्धाविरुद्धच्या १२१ जणांच्या जाहीरनाम्यावर सही केली आणि १९६३ च्या ‘म्युरिएल’ या कथापटात तिथल्या छळाचा विषय थेट हाताळला. तेव्हा हे नंतर चिकटवलेलं स्पष्टीकरण नव्हे.

फ्रान्सने स्वतःकडे बघायला आणखी बराच वेळ घेतला. वेल दीव्हच्या धरपकडीत फ्रेंच राज्ययंत्रणेचा हात होता हे राष्ट्राध्यक्ष जाक शिराक यांनी १६ जुलै १९९५ रोजी उघड मान्य केलं. त्याआधी मे १९९० मध्ये कार्पांत्रास इथल्या ज्यू दफनभूमीची विटंबना झाली, तेव्हा फ्रेंच दूरचित्रवाणीने प्रेक्षकांपुढे ठेवला तो हाच जुना लघुपट. त्याला आधी कात्री लावणाऱ्या देशाचा आता तो अधिकृत पाठ झाला होता. अधिकृत पाठ झालं की धार थोडी बोथट होते हेही खरं. विटंबनेनंतर ‘नाइट अँड फॉग’ दाखवणं सोपं असतं, अल्जीरियाबद्दल वर्गात बोलणं अवघड.

बघायचा असेल तर फ्रेंच निवेदन आणि खाली उपशीर्षकं असलेली, अलीकडे दुरुस्त केलेली आवृत्ती शोधा. तिच्यात ते छायाचित्र मूळ रूपात, केपीसकट आहे. छायाचित्र फार वेळ टिकत नाही, पापणी लवली तर निसटतं. लहान मुलांसोबत बघू नका. शेवटची दहा मिनिटं मोठ्यांनाही जड जातात. शाळेत दाखवणारे शिक्षक असाल तर दहावीच्या वरच्यांनाच दाखवा, आणि दाखवण्याआधी छळछावणी आणि मृत्युकेंद्र यांतला फरक अन् ज्यूंबद्दलचं ते मौन यावर एक तास द्या. नाहीतर मुलं प्रेतं लक्षात ठेवतात आणि निविदा विसरतात.